पावसात बंद पडणारं मीटर: नवीन घेण्याआधी अर्थिंग बघा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा. २०१३ सालची डिझेल हॅचबॅक. घर वेंगुर्ल्यात, समुद्रापासून हाकेच्या अंतरावर, आणि गाडी बारा महिने सुरूच्या झाडांखाली उभी. जून लागला की चालता चालता डॅशबोर्डवरचं मीटर बंद पडतं, सगळे काटे शून्यावर येतात, नको ते दिवे मिणमिणतात, आणि मग एखाद्या खड्ड्यात चाक आपटलं की आपोआप सगळं जागेवर येतं. डिझेलचा काटा मात्र पाऊस असो नसो, अर्ध्यावरच अडकलेला. एका वर्कशॉपने मीटर असेंब्लीच बदलायला सांगितली आहे, खर्च १६,००० रुपये. बदलावी का?

बदलू नका. निदान आत्ता तरी.

इतकं ठामपणे सांगतोय ते तुम्ही जाता जाता लिहिलेल्या एका ओळीमुळे: ‘इंडिकेटर लावला की हीटचा काटा त्याच तालात किंचित उडतो.’ वर्कशॉपमध्ये हे सांगितलं होतं का? बहुतेक नसेल, कारण आपल्याला ते किरकोळ वाटतं. मला विचाराल तर निम्मं निदान त्या ओळीत आहे. इंडिकेटरचा आणि इंजिनाच्या तापमानाचा एकमेकांशी काही संबंध नाही. दोघांत सामाईक असते ती मुख्यतः बॅटरीकडे परत जाणारी वाट, म्हणजे अर्थिंग. ती वाट कुठेतरी आवळली गेली आहे.

आमच्याकडे भातशेतीत एका कुणग्यातून दुसऱ्यात पाणी सोडायला बांध फोडून वाट ठेवतात. ती वाट पाचोळ्याने तुंबली की पाणी थांबत नाही, शेजारच्या बांधावरून, नको तिथून वाट काढतं. करंटचं तसंच. मीटरची अर्थ वायर खराब झाली की करंट दुसऱ्या दिव्यांच्या, दुसऱ्या सर्किटच्या वायरीतून उलटा फिरून बॅटरीपर्यंत जायला बघतो. म्हणून नको ते दिवे अर्धवट पेटतात. पूर्ण पेटलेला दिवा काहीतरी सांगत असतो, पण मिणमिणता दिवा दिसला की माझा हात आधी अर्थिंगकडे जातो.

हा धडा मी पैसे मोजून शिकलो, तेही दुसऱ्याचे. कुडाळला नवीनच काम शिकत होतो तेव्हा एका टॅक्सीवाल्याचं डॅशबोर्डचं मीटर असंच बंद-चालू व्हायचं. मी जुनं मीटर काढून दुसरं बसवलं, दोन दिवस चाललं, मी खूश. तिसऱ्या दिवशी पाऊस आला आणि टॅक्सी परत दारात. आमच्या मिस्त्रींनी काही न बोलता एक हातभर वायर घेतली, एक टोक मीटरच्या अर्थला लावलं, दुसरं बॅटरीच्या निगेटिव्हला. सगळे काटे ताठ. मग म्हणाले, ‘अरे, मीटर कित्याक खोलतस? आदी अर्थिंग बग.’ टॅक्सीवाल्याचे पैसे परत करायला मला दोन महिने लागले.

मग हे पावसातच का होतं? वर्कशॉपच्या माणसाने ‘दमट हवेने होतं’ म्हणून सोडून दिलं असेल. ते खरं आहे, पण अर्धं. समुद्राच्या वाऱ्याबरोबर येणारं मीठ गाडीच्या प्रत्येक फटीत बारीक थराने बसतं. उन्हाने तापलेल्या गाडीच्या आत ते कोरडं असतं आणि कोरडं मीठ फारसा त्रास देत नाही. हवेतली आर्द्रता साधारण ७५ टक्क्यांच्या वर गेली की मात्र मीठ हवेतलं पाणी ओढून स्वतःच विरघळतं. पावसाळ्यात स्वयंपाकघरातल्या मिठाच्या बरणीला पाणी सुटतं, तेच. आता हे खारट पाणी तांब्याची वायर, पत्र्याचा बोल्ट आणि वायरीच्या टोकाचा कथील चढवलेला लग (धातूची कडी) यांच्यामध्ये बसलंय, त्यात बॅटरीचा करंट, म्हणजे गंजाला मेजवानीच. तांब्यावर हिरवं चढतं, अगदी कल्हई गेलेल्या पितळेच्या भांड्यात ताक कळकतं तसं. ऑक्टोबरात ते सुकतं, संपर्क कसाबसा पुन्हा जुळतो, आपण म्हणतो ‘झालं बरं.’ पुढच्या जूनला थोडं जास्त बिघडतं.

आता तपासणी. त्यासाठी मल्टिमीटर, म्हणजे व्होल्ट आणि ओहम मोजायचं यंत्र, लागेल. बाजारात ३००-४०० रुपयांचा मिळतो तोही चालेल.

सुरुवात बॅटरीपासून. इंजिन बंद, गाडी तासभर उभी असताना १२.६ व्होल्टच्या आसपास. इंजिन चालू केल्यावर साधारण १३.८ ते १४.५. हे आकडे खाली असतील तर पुढचं सगळं बाजूला ठेवा, आधी बॅटरी आणि चार्जिंग बघा. बॅटरीच्या टर्मिनलवर पांढरी-हिरवी पूड जमली असेल तर ती गरम पाण्याने धुवा, टर्मिनल घासून घट्ट करा. मग मीटरचा फ्यूज. फ्यूज काढून डोळ्याने बघू नका, केसाएवढी चीर दिसत नाही. इग्निशन चालू ठेवून फ्यूजच्या डोक्यावरच्या दोन्ही उघड्या टोकांवर मल्टिमीटर लावा, दोन्हीकडे १२ व्होल्ट दिसले पाहिजेत. एकीकडे आहे आणि दुसरीकडे नाही, तर फ्यूज गेलाय.

यानंतर खरी परीक्षा, आणि बहुतेकजण इथेच चुकतात. ते काय करतात? बॅटरी काढतात, मल्टिमीटर ओहमवर ठेवतात, अर्थ वायर आणि बॉडी यांच्यात रेझिस्टन्स बघतात, ०.३ ओहम येतो आणि म्हणतात, ‘ओके आहे.’ मल्टिमीटर रेझिस्टन्स मोजताना वायरीतून अगदी किरकोळ करंट सोडतो. वीस तारांपैकी एकच तार शिल्लक असली तरी तो करंट सुखाने जातो. पण त्याच अर्थ बोल्टवर ब्लोअरची, इंडिकेटरची, कधी हेडलाइटचीही वायर बसवलेली असते. ब्लोअर जोरात चालू केला आणि १० अँपिअर गेले की त्या ०.३ ओहमवर ३ व्होल्ट तुंबतात. मीटर स्वतः अर्धा अँपिअरसुद्धा खात नाही, पण शेजाऱ्याच्या करंटामुळे त्याला १२ ऐवजी ९ व्होल्टच मिळतात. ते आणखी घसरले की आतल्या मायक्रोकंट्रोलरला, म्हणजे छोट्या संगणकाला, पुरत नाहीत, तो बिचारा बंद होऊन पुन्हा सुरू होतो. काटे शून्यावर पडून परत उठतात ते त्यामुळे.

म्हणून अर्थिंग भार टाकूनच मोजायचं. मल्टिमीटर डीसी व्होल्टवर, २०च्या रेंजला. काळी प्रोब (मल्टिमीटरच्या वायरीचं टोक) थेट बॅटरीच्या निगेटिव्ह टर्मिनलवर, क्लॅम्पवर नाही, मधल्या शिशाच्या खुंटावर. लाल प्रोब मीटरच्या कपलरच्या (सगळ्या वायरी एकत्र जोडणाऱ्या प्लगच्या) मागच्या बाजूने अर्थच्या वायरीत, टाचणीच्या साहाय्याने. मग इग्निशन, हेडलाइट, ब्लोअर, इंडिकेटर, मागची काच गरम करायचं बटण, सगळं चालू करा. आकडा ०.१ व्होल्टच्या आत हवा. ०.२ पर्यंत मी दुर्लक्ष करतो. तुमच्याकडे एक व्होल्टच्या वर दिसेल असा माझा अंदाज आहे, आणि तो आकडा इंडिकेटरबरोबर टिकटिक करत वरखाली होत असेल तर मग अंदाजही राहिला नाही, ते सिद्धच झालं.

मीटरच्या मागे हात घालायचा नसेल तर आमच्या मिस्त्रींची युक्ती वापरा. घरच्या वायरिंगची २.५ स्क्वेअरची तीन-चार मीटर वायर घ्या, एक टोक बॅटरीच्या निगेटिव्हला, दुसरं डॅशबोर्डखालच्या अर्थ बोल्टला, जिथे तीन-चार काळ्या किंवा तपकिरी वायरी एकत्र बसवलेल्या दिसतात तिथल्या लगला. आणि गाडी चालवून बघा. पावसात. लक्षण गेलं तर दुखणं कुठे आहे ते कळलं. मात्र ही वायर चुकूनही पॉझिटिव्हला लावू नका, आणि स्टिअरिंगखालच्या पिवळ्या कपलरला हात लावू नका, तो एअरबॅगचा असतो. त्याच्यात मल्टिमीटरची प्रोब घालणं म्हणजे फुरसं आहे की नाही ते बघायला बिळात बोट घालणं.

हा अर्थ बोल्ट शोधायचा कुठे? बहुतेक गाड्यांत ड्रायव्हरच्या उजव्या पायाजवळ, दाराच्या आतल्या बाजूला जो प्लास्टिकचा पॅनल असतो त्याच्या मागे. आणि इथे तुमची सुरूची झाडं येतात. वायपरच्या खाली जी काळी जाळी आहे तिच्या आत पाणी वाहून जायला दोन्ही टोकांना भोकं असतात. आंब्या-फणसाचं पान मोठं, ते जाळीवरच अडकतं. सुरूची काडी सुईसारखी, जाळीतून सरळ आत. तिचा गठ्ठा होऊन भोक बुजतं, पावसाचं पाणी वर तुंबतं आणि शेवटी वायरिंग जिथून आत येतं त्या रबरी बुशातून थेट त्या अर्थ बोल्टवर ठिबकतं. तुमच्या गाडीत ड्रायव्हरच्या बाजूचं मॅट ओलं असतं का? हात लावून बघा. मॅटखालचा फेल्ट ओला असेल तर अर्थ बोल्ट साफ करून उपयोग नाही, आधी जाळी काढून तो गठ्ठा उपसा. एका गाडीतून मी अख्खी टोपलीभर काड्या काढल्या आहेत, खाली काळी माती झाली होती आणि त्यात एक रोपटंही उगवलं होतं.

आता बोल्ट साफ करणं. हे नीट सांगतो, कारण नुसतं घासून परत आवळलेलं काम पुढच्या पावसापर्यंतही टिकत नाही. बॅटरीचं निगेटिव्ह काढा. दहाच्या पान्याने बोल्ट सोडा. लगखालचा पत्रा पॉलिश पेपरने चकचकीत होईपर्यंत घासा, रंगाचा ठिपकासुद्धा ठेवू नका. मग लग हातात घ्या आणि लगच्या मागची वायर दोन बोटांत वाकवून बघा. चांगली वायर लवचीक असते, आत गंज चढलेली वायर कडक लागते, कधी वाळूवरून चालल्यासारखी कुरकुरते. तशी लागली तर इन्सुलेशन दोन सेंटिमीटर सोला. तार काळी दिसेल. खारं पाणी वातीसारखं वायरीच्या आत चढतं. काळी तार सोल्डर धरत नाही, गोळा होऊन ओघळून जातो. लालसर चकचकीत तांबं लागेपर्यंत कापत जा. कधी दोन इंच कापावं लागतं, एकदा मला हातभर कापावी लागली होती. मग तेवढाच तुकडा नव्या वायरीचा जोडून, नवा कथील चढवलेला लग क्रिंप करून (दाबून बसवून), वर थोडं सोल्डर, त्यावर गोंद असलेली, तापवली की आवळून बसणारी हीटश्रिंक नळी. दातेरी वॉशर घालून बोल्ट घट्ट आवळा. ग्रीस किंवा व्हॅसलिन सगळ्यात शेवटी, वरून. आधी ग्रीस फासून मग आवळणारे लोक आहेत, मला ते पटत नाही. धातूला धातू भिडला पाहिजे आणि मग त्याच्यावर पांघरूण.

एवढ्या कामाला दीड तास लागतो आणि माझ्यासारखा माणूस त्याचे ४००-५०० रुपये घेतो. १६,००० रुपयांचं मीटर बसवलं असतं तर तेही याच बोल्टवर बसलं असतं.

डिझेलच्या काट्याचं दुखणं वेगळं आहे, त्याची सरमिसळ करू नका. एका गाडीला दोन आजार एकदम असू शकतात, आणि दोन लक्षणं एका कारणात बसवायच्या नादात भले भले चुकतात. हा काटा पाऊस-ऊन बघत नाही, इंडिकेटरला दाद देत नाही, म्हणजे त्याचा अर्थिंगशी संबंध कमी. टाकीत एक फ्लोट असतो, टॉयलेटच्या फ्लशमध्ये असतो तसाच. तो वरखाली होताना एका पट्टीवरून बारीक पितळी पाय सरकतो आणि रेझिस्टन्स बदलतो. हा रेझिस्टन्स कंपनीगणिक वेगळा. काहींत टाकी भरल्यावर जास्त, काहींत उलट. काही युरोपीय पद्धतीच्या सेंडरमध्ये रिकाम्याला १० आणि भरल्यावर १८० ओहमच्या आसपास, तर अमेरिकी पद्धतीत रिकाम्याला २४० आणि भरल्यावर ३३. आपल्या गाडीचा आकडा सर्व्हिस मॅन्युअलमधूनच घ्यायचा, दुसऱ्या गाडीचा लावायचा नाही.

मागची सीट उचला, खाली गोल झाकण असेल, त्याखाली फ्लोटचा कपलर. इग्निशन बंद करून कपलर काढा, मग इग्निशन चालू करा. काटा एका टोकाला गेला पाहिजे. कपलरच्या वायरिंगकडच्या दोन फ्लोट वायरींमध्ये १०० ओहमचा रेझिस्टर लावा, काटा कुठेतरी मध्ये यावा. नुसत्या वायरीनेही जोडता येतं, पण मी रेझिस्टरच वापरतो, मीटरला धक्का बसत नाही. थोडा धीर धरा, हे काटे मुद्दाम सुस्त ठेवलेले असतात, नाहीतर कुंभार्ली घाटाच्या प्रत्येक वळणावर टाकी भरली-रिकामी झाली असती. काटा हलला तर मीटर आणि वायर चांगले, फ्लोट खराब. हललाच नाही तर वायर किंवा मीटर.

तुमच्या बाबतीत मी फ्लोटवर पैज लावेन. आपल्याकडे टाकी फुल करणारी माणसं कमी. ५०० रुपयांचं टाकलं, सावंतवाडीला जाऊन आलो, परत ५०० रुपयांचं. तो पितळी पाय वर्षानुवर्षं पट्टीच्या त्याच अर्ध्या भागात घासत राहतो आणि तिथे खाच पडते. फ्लोट बाहेर काढून मल्टिमीटर लावा आणि दांडी हळूहळू खालून वर न्या. आकडा सलग बदलला पाहिजे. मध्येच उडी मारली, गायब झाला किंवा एकाच जागी चिकटून राहिला, तर पट्टी गेली. डिझेल असलं तरी टाकी उघडताना खिडक्या-दारं उघडी ठेवा, जवळपास विडी नको. पेट्रोलची गाडी असती तर हे काम घरी करा असं मी सांगितलंच नसतं.

समजा एवढं करूनही मीटर बंद पडतंय. अर्थिंगवर ०.०५ व्होल्ट, सप्लाय १२ च्या वर, आणि तरी काटे पडतात. मगच मीटर उघडायचं.

बॅटरी काढून दहा मिनिटं थांबा. स्टिअरिंग खाली करा, भोवतीची प्लास्टिकची चौकट लोखंडी स्क्रू ड्रायव्हरने न उचकटता जुन्या एटीएम कार्डाने सोडवा. दोन ते चार स्क्रू, मग मीटर पुढे येतं आणि मागे हात घालून कपलरचा खटका दाबावा लागतो. कपलरच्या पिना बघा. हिरव्या असतील तर कॉन्टॅक्ट क्लीनर आणि जुना टूथब्रश, बस. कित्येकदा काम इथेच संपतं. आत काय सापडेल याचा नेम नसतो. मुंग्यांचं वारूळ, धूळ, एकदा तर पालीची दोन अंडी होती, आणि मालक म्हणत होते की मीटरमधून टकटक आवाज येतो.

काटे उघड्यावर आले की हाताने फिरवायचे नाहीत, हे लहान मुलाला सांगावं तसं सांगतो. आजच्या मीटरमध्ये प्रत्येक काट्यामागे नखाएवढे गिअर असलेली स्टेपर मोटर असते. काटा बोटाने ढकलला की गिअरचे दात जातात किंवा काटा दोन घरं सरकतो आणि मग गाडी ६० ला ७० दाखवते. काढायचाच असेल तर आधी काट्याच्या टोकाखाली कागदी चिकटपट्टीवर खूण करा आणि दोन चमच्यांनी दोन्हीकडून सारखा उचला. मोटरच्या दोन कॉइल असतात. सर्रास सापडणाऱ्या प्रकारात प्रत्येकीचा रेझिस्टन्स २८० ओहमच्या आसपास असतो. आकड्यापेक्षा महत्त्वाचं हे की दोघींचा जवळपास सारखा हवा.

बोर्डावर मी पहिल्यांदा भिंगातून कपलरच्या पिनांची बूड बघतो. कपलर ओढताना आणि खड्ड्यातल्या हादऱ्यांनी तिथल्या सोल्डरला पिनेभोवती बांगडीसारखी बारीक चीर जाते. डोळ्याला दिसत नाही, उजेड तिरका धरला की चमकते. ‘खड्ड्यात आपटलं की चालू होतं’ या लक्षणाचं हे दुसरं कारण. फ्लक्स लावून, जुनं सोल्डर ओढून काढून नवीन घाला, सोल्डरची इस्त्री ३५० अंशांच्या आत. किलोमीटरचे आकडे अर्धवट दिसत असतील तर डिस्प्ले आणि बोर्ड यांच्यामधली काळ्या-गुलाबी थरांची रबरी पट्टी काढून दोन्ही बाजू आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसा, बोर्डावरच्या सोनेरी पट्ट्याही. पुष्कळ वेळा एवढ्यावर आकडे पूर्ण होतात.

पुराच्या किंवा खाऱ्या पाण्याने भिजलेल्या बोर्डाचं एक वेगळं सांगायला हवं. २०२१ च्या २२ जुलैला वाशिष्ठी नदीचं पाणी चिपळूण शहरात शिरलं, त्यानंतर कित्येक महिने आमच्या धंद्यातल्या लोकांकडे पुरातल्या गाड्यांचेच बोर्ड येत होते. बऱ्याच जणांनी ते सरळ अल्कोहोलमध्ये बुडवले. अल्कोहोल तेलकट घाण आणि पाणी काढतं, पण मीठ त्यात विरघळत नाही. मीठ काढायचं तर आधी डिस्टिल्ड वॉटर, मऊ ब्रशने, दोन-तीन वेळा. अल्कोहोल त्यानंतर, ते पाणी हाकलायला. आणि मग उन्हात नाही, सावलीत पंख्याखाली दोन दिवस. पुरात गाडी सापडली तर किल्ली फिरवून ‘चालू होतेय का’ बघणं हा सगळ्यात महागडा मोह आहे. पाणी उतरल्यावर पहिलं काम बॅटरीचं निगेटिव्ह काढणं. ओल्या बोर्डात करंट गेला की तांब्याच्या रेषा झपाट्याने खाल्ल्या जातात.

तुमच्या गाडीच्या वयाचा विचार करता मीटरला बरीचशी माहिती वेगळ्या वायरींनी नाही, तर कॅन बसच्या, म्हणजे गाडीतले छोटे संगणक (कंट्रोलर) ज्यावरून एकमेकांशी बोलतात त्या, दोन पिळलेल्या वायरींवरून येत असेल. वेग, आरपीएम, हीट असे तीन-चार काटे एकदम मरतात पण मीटरचा उजेड नीट राहतो, तेव्हा संशय तिथे. बिघाडाचे कोड वाचणारा स्कॅनर लावा. यू0155 कोड आला तर बाकीच्या कंट्रोलरांना मीटरचा आवाज ऐकू येत नाहीये. यू0100 आला तर इंजिनाचा कंट्रोलर गप्प आहे. स्कॅनर नसेल तर बॅटरी काढून स्टिअरिंगखालच्या स्कॅनरच्या सॉकेटमध्ये ६ आणि १४ नंबरच्या पिनांमध्ये ओहम मोजा. दोन्ही टोकांना १२० ओहमचा एकेक रेझिस्टर असतो, दोन्ही समांतर, म्हणून ६० यायला हवेत. १२० आले तर एका बाजूची वायर तुटली. शून्याच्या जवळ आले तर दोन्ही वायरी कुठेतरी एकमेकींना चिकटल्यात, आणि कोकणात त्याचं कारण बहुतेक वेळा उंदीर असतो.

बाकीच्या दिव्यांबद्दल तुम्ही विचारलं नाहीत, पण दोन गोष्टी सांगून ठेवतो. ऑइलचा लाल दिवा चालत्या गाडीत लागला तर ‘मीटरचं नाटक’ समजू नका. तो ऑइल किती आहे ते दाखवत नाही, प्रेशर आहे की नाही ते दाखवतो. इंजिन तिथल्या तिथे बंद करा, भले भर पावसात घाटात उभं राहावं लागलं तरी. मीटर खोटं होतं हे नंतर कळलं तर नुकसान एका तासाचं. खरं होतं हे नंतर कळलं तर इंजिनाचं. दुसरं, जुन्या गाड्यांत बॅटरीच्या चिन्हाच्या दिव्यात एलईडी घालू नका. त्या साध्या बल्बमधून जाणाऱ्या करंटानेच अल्टरनेटर जागा होतो, एलईडी तेवढा करंट सोडत नाही आणि मग चार्जिंगच सुरू होत नाही. पोरं हौसेने सगळं निळं करून आणतात आणि महिन्याने बॅटरीला शिव्या देतात.

शेवटी मीटर बदलायचीच वेळ आली तर जुन्या बाजारातलं स्वस्त मीटर आणण्याआधी दोन प्रश्न विचारा. काही गाड्यांत, विशेषतः फोक्सवॅगन समूहाच्या बऱ्याच गाड्यांत, इमोबिलायझरची (चोरी रोखणाऱ्या यंत्रणेची) माहिती मीटरमध्येच असते. दुसरं मीटर लावलं की इंजिन सुरू होऊन बंद पडतं, कोडिंगशिवाय चालत नाही. आणि किलोमीटरचा आकडा बोर्डावरच्या छोट्या मेमरी चिपमध्ये असतो, तो नव्या मीटरबरोबर बदलतो. तुमच्या गाडीचा खरा आकडा तिथे घालून घ्या, बिलावर जुना-नवा आकडा लिहून घ्या. ‘कमी करून देऊ का?’ असं कोणी विचारलं तर त्याच्याकडून दुसरंही काही काम करून घेऊ नका.

तुम्ही सध्या एवढंच करा. मॅटखाली हात घालून ओल आहे का बघा, वायपरखालची जाळी उघडा, आणि भार टाकून अर्थिंगचा व्होल्ट मोजा, एकदा इंडिकेटर बंद असताना आणि एकदा चालू असताना. ते दोन आकडे आणि फ्लोटचा कपलर काढल्यावर काटा कुठे गेला ते लिहा, मग पुढचं सांगतो. हे करेपर्यंत गाडी सुरूखालून काढून पडवीच्या बाजूला लावा.